हजेरीवरून पगारी रजेचा हिशोब: जिनिंग, राईस मिल आणि एमआयडीसीत काम करणाऱ्यांसाठी

एप्रिलमध्ये कापसाची आवक आटते, जिनिंगचे रेचे (कापसातून सरकी वेगळी करणारी यंत्रं) बंद होतात आणि दिवाणजी सगळ्यांचा हिशोब करतो. उचल वजा, चहापाण्याचे वजा, उरले ते हातावर. त्या हिशोबात रजेच्या पैशांची ओळ बहुतेक ठिकाणी नसते आणि ती विचारायची असते हेही बहुतेकांना माहीत नसतं. विचारलं तर बाजूचाच कोणी म्हणतो, "सुट्टीचे पैसे? ते तर सरकारी नोकरीवाल्याले असते भाऊ!"

तसं नाही. रोजीवर, हप्त्यावर, गाठीमागे किंवा पोत्यामागे, कसेही पैसे मिळोत, कायद्याच्या कक्षेतल्या ठिकाणी काम करणाऱ्याला पगारी रजा आहे. ती किती, हे मालकाच्या मर्जीवर नाही, हजेरीवर ठरतं. म्हणून हा लेख हजेरीपासून सुरू होतो आणि रुपयांपर्यंत जातो.

आधी बघा: तुम्हाला कोणता कायदा लागू आहे?

२१ नोव्हेंबर २०२५ पासून देशात चार नव्या कामगार संहिता लागू झाल्या. रजेचा विषय 'व्यावसायिक सुरक्षा, आरोग्य आणि कामाची परिस्थिती संहिता, २०२०' हिच्या ३२ व्या कलमात आहे. त्याआधी कारखान्यांसाठी १९४८ चा फॅक्टरी कायदा होता, खाणींसाठी १९५२ चा, बिडी कामगारांसाठी १९६६ चा. हे तिन्ही आता त्या एका संहितेत आले. बदलाच्या काळात जुन्या कायद्यांतले संबंधित नियम चालू राहतील, असं केंद्र सरकारने जाहीर केलं आहे. त्यामुळे खाली कुठे नवी संहिता येईल, कुठे फॅक्टरी कायद्याची रीत.

संहितेतलं रजेचं कलम साधारणपणे १० किंवा जास्त कामगार असलेल्या आस्थापनेला लागू होतं. हिंगणघाट, वणी, पांढरकवड्याच्या जिनिंग, गोंदिया-भंडाऱ्याच्या राईस मिल, अकोल्याच्या दाल मिल, बुटीबोरीचे कारखाने यांतल्या बहुतेकांत एवढी माणसं असतातच. खाणीला वेगळी तरतूद आहे. कायम आणि रोजंदारी असा भेद रजेसाठी नाही. मात्र व्यवस्थापनातला माणूस आणि महिन्याला १८,००० रुपयांच्या वर पगार घेणारा सुपरवायझर 'कामगार' या व्याख्येत बसत नाही. त्यांची रजा नेमणूकपत्रात लिहिली असेल तेवढी.

तालुक्याच्या मोठ्या कापड दुकानात, हॉटेलात किंवा खासगी दवाखान्यात काम करत असाल तर महाराष्ट्राचा दुकाने व आस्थापना कायदा, २०१७ बघा. त्यात वर्षाला ८ किरकोळ रजा (सीएल), ८ पगारी सणाच्या सुट्ट्या आणि २४० दिवस काम झालं की दर २० दिवसांना १ अशी हक्काची रजा आहे, ती ४५ दिवसांपर्यंत साठते. २६ जानेवारी, १ मे, १५ ऑगस्ट आणि २ ऑक्टोबर हे त्या आठातले चार, उरलेले चार मालक आणि कामगारांनी मिळून ठरवायचे. सीएल वर्षाअखेरीस बाद होते, साठत नाही. हा कायदा आधी १० कामगारांच्या दुकानाला लागू होता. २०२५ मध्ये राज्याने ही मर्यादा २० वर नेली.

आता ज्यांना यातलं काही लागू नाही त्यांचंही स्पष्ट सांगतो. तीन पोरं ठेवलेलं किराणा दुकान, गावातली पिठाची गिरणी, शेतावरचा सालदार, निंदणीला जाणाऱ्या बाया यांना या कायद्यांतून पगारी रजा मिळत नाही. सालदाराचं जे आहे ते गुढीपाडव्याला साल ठरतं तेव्हाच्या बोलीत. पोळ्याला किती दिवस, लग्नसराईत किती, आजारी पडलो तर साल कापणार का, हे त्याच दिवशी चार माणसांसमोर बोलून घ्या आणि जमलं तर वहीच्या पानावर दोघांच्या सह्या घ्या. बाजार समितीतल्या माथाडी मंडळात नोंद असलेल्या हमालांची व्यवस्था वेगळी आहे, त्यांनी मंडळातच विचारावं.

पहिली पायरी: हजेरी स्वतः मोजा

सगळा हिशोब १ जानेवारी ते ३१ डिसेंबर या कॅलेंडर वर्षाचा असतो. आर्थिक वर्षाचा नाही, दिवाळी ते दिवाळीचाही नाही.

या वर्षात प्रत्यक्ष काम केलेले दिवस मोजायचे. आठवड्याची सुट्टी, मग ती रविवारी असो की बाजाराच्या दिवशी, यात धरायची नाही. खाडा धरायचा नाही. इथे लोक दोन्ही बाजूंनी घोटाळा करतात. कोणी वर्षाचे ३६५ दिवस धरून "माह्या १८ सुट्ट्या होते" म्हणतो. तेवढ्या होत नाहीत. महिन्याला २६ दिवस धरले तरी वर्षाचे ३१२ होतात आणि त्याला २० ने भागलं की १५.६ येतं. पूर्ण वर्ष नियमित काम करणाऱ्याची रजा १३ ते १६ दिवसांत बसते, हा अंदाज डोक्यात ठेवा. दिवाणजीने ७ सांगितले तर हजेरी वही बघायला मागा.

मालकाच्या वहीवर विसंबू नका. घरच्या भिंतीवरच्या कॅलेंडरवर कामाच्या दिवसाला रोज गोल करा, नाईट असेल तर आत 'रा' लिहा, महिन्याच्या शेवटी बेरीज करून त्या पानाचा मोबाईलवर फोटो काढा. पगाराच्या पावत्या जपा. पावती देणं वेतन संहितेनुसार मालकाचं कामच आहे. पगार बँकेत येत असेल तर पासबुक भरून घ्या. पीएफ कापत असतील तर यूएएनवरून (पीएफच्या कायम क्रमांकावरून) पासबुक मोबाईलवर दिसतं. कोणत्या महिन्यात कोणाच्या नावाने पैसे भरले, हे त्यात निघतं, आणि ठेकेदार बदलला असं सांगून जुनी नोकरी नाकारली जाते तेव्हा हा कागद उपयोगी पडतो.

दुसरी पायरी: पात्र आहात का?

विदर्भाच्या दृष्टीने सगळ्यात मोठा बदल इथेच झाला आहे. फॅक्टरी कायद्यात वर्षभरात २४० दिवस भरले तरच रजा मिळायची. आता १८० दिवस पुरे. दाल मिल किंवा राईस मिलमध्ये सात-आठ महिने काम आणि बाकी काळ शेती, असं ज्यांचं गणित आहे ते २४० ला कधीच पोचत नव्हते. १८० ला ते पोचू शकतात.

दुसरा बदल वेळेचा. जुन्या कायद्यात एका वर्षी कमावलेली रजा पुढच्या वर्षी घ्यायची. नव्या कलमात त्याच वर्षीच्या कामावर त्याच वर्षी हक्क आहे. जानेवारीपासून महिन्याला २६ दिवस भरणाऱ्याचे जुलैअखेर १८२ दिवस होतात, म्हणजे ९ दिवसांची रजा दिवाळीआधी हातात असते. २०२५ च्या हजेरीवर जुन्या कायद्याने कमावलेली रजाही नवी संहिता आली म्हणून बुडत नाही. ती वेगळी लिहून ठेवा.

१८० मोजताना काम न केलेले काही दिवसही धरले जातात: ले-ऑफचे (मालकानेच काम नाही म्हणून बसवून ठेवलेले) दिवस, बाळंतपणाची रजा आणि त्याच वर्षी घेतलेली पगारी रजा. हे दिवस फक्त पात्रतेसाठी. त्यांच्यावर पुढे २० ला १ ही रजा मिळत नाही. समजा एका बाईने वर्षात ९५ दिवस काम केलं आणि २६ आठवडे, म्हणजे १८२ दिवस, बाळंतपणाच्या रजेवर होती. पात्रतेला १८० सहज ओलांडले. रजा मात्र ९५ भागिले २०, म्हणजे ५ दिवस. बाळंतपणाची सुट्टी घेतली म्हणून तिची वर्षाची रजा शून्य, असं कोणी म्हणत असेल तर ते कायद्याला सोडून आहे.

वर्षाच्या मध्ये कामाला लागलात तर १८० ची अट नाही. लागल्याच्या तारखेपासून ३१ डिसेंबरपर्यंत जेवढे दिवस उरतात, त्यांचा एक चतुर्थांश भाग काम केलेलं पुरे. जुन्या कायद्यात इथे दोन तृतीयांश लागायचं.

तिसरी पायरी: भागाकार

काम केलेले दिवस भागिले २०. एवढंच. खाणीत जमिनीखाली काम करणाऱ्यांना आणि १८ वर्षांखालच्या किशोर कामगारांना २० च्या जागी १५. वणी, बल्लारपूर, उमरेडच्या कोळसा पट्ट्यात ठेकेदाराकडे भुयारी खाणीत काम करणाऱ्यांनी हा फरक लक्षात ठेवावा. तेच २४० दिवस, पण वर काम करणाऱ्याला १२ आणि खाली काम करणाऱ्याला १६. वेकोलिच्या (वेस्टर्न कोलफील्ड्स या सरकारी कोळसा कंपनीच्या) कायम कामगारांना वेतन कराराने यापेक्षा चांगलं मिळतं, आणि जे चांगलं असेल तेच चालतं.

अपूर्णांकासाठी फॅक्टरी कायद्याची रीत धरा: अर्धा किंवा त्याहून जास्त असेल तर पूर्ण दिवस, कमी असेल तर सोडून द्या.

तुमसरकडच्या राईस मिलमधल्या एका ऑपरेटरचं वर्ष घेऊ. जानेवारीपासून हजेरी अशी: २६, २४, २५, २२, मे महिन्यात घरच्या लग्नामुळे २०, जूनमध्ये २१, मग २४, २५, २३, २४, दिवाळीच्या महिन्यात १७ आणि डिसेंबरला २६. बेरीज २७७. भागिले २० म्हणजे १३.८५, धरायचे १४ दिवस. त्याने वर्षात ६ दिवस पगारी रजा घेतली असेल तर शिल्लक ८.

हंगामी कामगाराचा हिशोब

याला वेगळी जागा देतो, कारण पैसे सगळ्यात जास्त इथे बुडतात. जिनिंगचा हंगाम दसरा-दिवाळीच्या आसपास सुरू होतो आणि पुढच्या वर्षी मार्च-एप्रिलला संपतो. कॅलेंडर वर्ष मधेच, ३१ डिसेंबरला तुटतं. हंगामाचे दिवस एकत्र मोजले तर हिशोब चुकतो. दोन तुकडे करावे लागतात.

समजा एक माणूस २० ऑक्टोबरला लागला. तिथून वर्षअखेरपर्यंत दिवस किती? ऑक्टोबरचे १२, नोव्हेंबरचे ३०, डिसेंबरचे ३१, एकूण ७३. त्याचा चौथा भाग १८ च्या थोडा वर. सुरुवातीला आवक कमी, म्हणून त्याचे ४६ च दिवस भरले. नव्या नियमाने तो पात्र: ४६ भागिले २०, म्हणजे २.३, धरायचे २ दिवस. जुन्या कायद्याच्या दोन तृतीयांश अटीला ४९ दिवस लागले असते आणि तीन दिवसांनी त्याचं सगळं गेलं असतं.

दुसरा तुकडा १ जानेवारी ते १० एप्रिल. यात ८२ दिवस भरले. १८० नाहीत. इथे दिवाणजी हात वर करतो, आणि इथेच कलम ३२ ची पुढची ओळ वाचायची: कामगाराला काढलं, त्याने काम सोडलं, तो निवृत्त झाला किंवा मरण पावला, तर लागणारे दिवस भरले नसले तरी तोवरच्या कामावरच्या रजेचे पैसे द्यायचे. ८२ भागिले २० म्हणजे ४.१, धरायचे ४ दिवस. दोन्ही मिळून ६ दिवस. रोज ४८० रुपये पडत असतील तर २,८८० रुपये. बी-बियाण्याच्या दिवसांत ही रक्कम लहान नाही.

यात एक मेख आहे. मालक म्हणू शकतो, "तुला काढलं कुठे? हंगाम बंद आहे, दसऱ्याले ये." नाव पटावर राहिलं तर 'काम सुटलं' ही तरतूद लागत नाही, आणि पुढच्या वर्षाचे ८२ अधिक ऑक्टोबरनंतरचे ४०-५० दिवस मिळूनही १८० होत नाहीत. हंगाम बंद असण्याचा काळ आपोआप ले-ऑफ धरला जाईल असं समजू नका. म्हणून एप्रिलला विचारायचा प्रश्न एकच: हा शेवटचा हिशोब आहे की नाव चालू आहे? शेवटचा असेल तर तसं कागदावर घ्या आणि त्यात रजेच्या दिवसांची ओळ लिहायला लावा. नाव चालू आहे म्हणत असतील तर तेही लिहून घ्या, कारण मग जुनी नोकरी धरली जाते आणि ग्रॅच्युइटीसारख्या दुसऱ्या हक्कांना ती उपयोगी पडते. दोन्हीकडून 'नाही' ऐकून घरी येऊ नका.

चौथी पायरी: एका दिवसाचे पैसे किती?

फॅक्टरी कायद्याची रीत सोपी आहे. रजेच्या आधीच्या महिन्यात पूर्ण वेळ कामाची जी कमाई झाली, तिला त्या महिन्यात प्रत्यक्ष काम केलेल्या दिवसांनी भागायचं. महागाई भत्ता धरायचा. ओव्हरटाइम आणि बोनस वगळायचे. ऑपरेटरला आधीच्या महिन्यात २४ दिवसांचे १४,६०० मिळाले आणि त्यात १,४०० ओव्हरटाइमचे होते, तर १३,२०० भागिले २४, म्हणजे रोज ५५० रुपये. त्याच्या शिल्लक ८ दिवसांचे ४,४०० झाले. गाठीमागे किंवा पोत्यामागे पैसे मिळणाऱ्यांचंही असंच. महिन्याची कमाई आणि कामाचे दिवस माहीत असले की झालं.

महिना ३० दिवसांचा धरून भागाकार करत असतील तर थांबवा. १३,२०० भागिले ३० केलं की रोज ४४० येतात आणि दर दिवसाला ११० रुपये गायब होतात.

पाचवी पायरी: अर्ज, आणि तोही कागदावर

तोंडी सांगून घेतलेली सुट्टी वहीत बहुतेक वेळा खाडा म्हणून चढते. जुन्या नियमाने अर्ज निदान १५ दिवस आधी द्यायचा आणि वर्षात तीन हप्त्यांपर्यंत रजा घेता यायची. आजारपणात ही १५ दिवसांची अट नव्हती. चार दिवस किंवा जास्त रजा मंजूर झाली तर तिचे पैसे जाण्याआधीच द्यायची तरतूदही फॅक्टरी कायद्यात आहे. फारच थोडे लोक ते मागतात.

अर्ज एवढाच पुरे:

"मा. व्यवस्थापक साहेब, मी आपल्याकडे (विभाग) मध्ये (तारीख) पासून कामाला आहे. चालू वर्षात माझे आजपर्यंत __ दिवस काम झाले असून माझी __ दिवस पगारी रजा होते. त्यापैकी __ तारखेपासून __ तारखेपर्यंत __ दिवस रजा मंजूर करावी. मंजूर करता येत नसल्यास तसे लेखी कळवावे. सही, तारीख."

दोन प्रती काढा, एकीवर 'मिळाला' म्हणून सही-तारीख घ्या. सही देत नसतील तर त्याच अर्जाचा फोटो मॅनेजरच्या व्हॉट्सअॅपवर टाका किंवा स्पीड पोस्टने पाठवून पावती जपा. शेवटचं वाक्य मुद्दाम घातलं आहे. एरवी एका वर्षातून दुसऱ्या वर्षात ३० दिवसांपर्यंतच रजा नेता येते. अर्ज करूनही नाकारलेली रजा मात्र कितीही साठली तरी पुढे नेता येते. अर्जाचा कागद नसेल तर नाकारली हे कसं दाखवणार?

रजेच्या मधे, आधी किंवा नंतर आलेली सुट्टी रजेतून कापायची नाही. पोळ्यासाठी सोमवार ते शनिवार सहा दिवस घेतले आणि त्यात पोळ्याची सुट्टी आली, तर पाचच कापले जातात. मागचा-पुढचा रविवार तर मोजायचाच नाही.

रजा न घेता पैसे हवे असतील तर नव्या संहितेने वर्षाअखेरीस मागणी करून ते घेता येतात. ३० च्या वर गेलेल्या दिवसांचेही पैसे मागता येतात. माझं मत विचाराल तर उन्हाळ्यात पत्र्याखाली काम करणाऱ्याने निम्मी तरी रजा घ्यावीच. पण कर्जाचा हप्ता समोर असताना कोणी पैसे निवडले तर त्याला नावं ठेवता येत नाहीत.

नेहमी ऐकू येणारी उत्तरं

"दिवाळीत बोनस दिला ना, त्यातच आलं." नाही. बोनसचा हिशोब वेगळा, रजेचा वेगळा, एकातून दुसरं वळतं होत नाही.

"तुह्या खाड्यांत रजा वळती केली." तुम्ही मागितली नसेल तर परस्पर वळती करणं चूक. पण हे भांडण अर्ज असणाराच जिंकतो, हेही खरं.

"ठेकेदाराले विचार." पैसे देण्याची पहिली जबाबदारी ठेकेदाराची आहे, पण त्याने मजुरी दिली नाही तर मूळ कंपनीवर ती येते. म्हणून अर्जाची एक प्रत कंपनीच्या एचआरलाही द्या.

ईएसआयची (कामगार विमा योजनेची) आजारपणाची मदत आणि ही रजा एकात एक करू नका. ईएसआयचं कार्ड असेल तर आजारपणात डॉक्टरच्या दाखल्यावर वर्षाला ९१ दिवसांपर्यंत मजुरीच्या ७० टक्के मिळतात. त्यासाठी हक्काची रजा खर्च करायची गरज नाही.

पैसे दिलेच नाहीत तर

काम सुटलं किंवा सोडलं तर रजेचे पैसे दुसऱ्या कामाच्या दिवसाच्या आत द्यायला हवेत. निवृत्ती किंवा मृत्यू असेल तर दोन महिन्यांत, आणि मृत्यू झाल्यास वारसाला. घरचा माणूस कामावर असताना गेला तर घरच्यांनी पीएफबरोबर रजेचे पैसेही विचारावेत. ते सहसा कोणी आपणहून सांगत नाही.

आधी मालकाला लेखी मागणी द्या: दिवस, भागाकार, दर, एकूण रक्कम, सगळं एका पानावर. आठवडाभर वाट बघा. मग कारखाना असेल तर औद्योगिक सुरक्षा व आरोग्य संचालनालयाकडे आणि दुकान-हॉटेल असेल तर जिल्ह्याच्या कामगार आयुक्तालयाच्या कार्यालयात, म्हणजे सरकारी कामगार अधिकारी किंवा सहायक कामगार आयुक्तांकडे, तक्रार द्या. कोळसा खाणीचं प्रकरण केंद्राच्या कामगार यंत्रणेकडे जातं. वेतन संहितेनुसार थकलेल्या वेतनाचा दावा तीन वर्षांच्या आत करता येतो आणि प्राधिकारी मूळ रकमेच्या दहापटीपर्यंत भरपाई लावू शकतो. मालकाशी बोलताना हा आकडा सहज कानावर घातला तर कधीकधी तक्रारीची वेळ येत नाही.

वकिलाचा खर्च नको असेल तर तालुका कोर्टातल्या विधी सेवा समितीत जा. औद्योगिक कामगार, महिला, अनुसूचित जाती-जमातीचे लोक यांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. जाताना आधार कार्ड, कॅलेंडरच्या पानांचे फोटो, पासबुक, पगाराच्या पावत्या आणि अर्जाची 'मिळाला' सही असलेली प्रत घेऊन जा. एकाच मिलमधले पाच-सहा जण मिळून गेलात तर हजेरीला एकमेकांची साक्षही होते.